प्रांतांनी अपील फेटाळले, सर्किट बेंच कोल्हापुरातच आहे. मग थेट रिट का नको?

प्रश्न हातकणंगले तालुक्यातील एका वाचकाचा आहे आणि तो थोडक्यात असा. आजोबांच्या निधनानंतर मामांनी नोंदणी न झालेले मृत्युपत्र पुढे करून शेतजमिनीला केवळ स्वतःचे नाव लावून घेतले. प्रश्नकर्त्याच्या आईंना, म्हणजे आजोबांच्या मुलीला, त्या फेरफाराची नोटीस मिळालीच नाही. चार वर्षांनी सातबारा काढला तेव्हा प्रकार उघड झाला, आणि त्यांनी प्रांतांकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, मुदत उलटल्याबद्दल विलंबमाफीच्या अर्जासह अपील केले. विलंबाचे कारण समाधानकारक नाही एवढेच म्हणून प्रांतांनी अर्ज नामंजूर केला आणि अपील तिथेच संपले. आता एक वकील म्हणतात, उच्च न्यायालय दारात आले आहे, थेट रिट (सरकारी आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात करायची याचिका) दाखल करू. दुसरे म्हणतात, आधी अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे जावे लागेल. प्रश्नाच्या शेवटी धाकट्या भावाची अडचणही जोडलेली आहे. तो एका पतसंस्थेच्या कर्जाला जामीन आहे, त्याच्याविरुद्ध सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १०१ चा वसुली दाखला निघाला आहे, आणि पुनरीक्षणासाठी, म्हणजे वरिष्ठ अधिकाऱ्याकडून आदेश तपासून घेण्यासाठी, निम्मी रक्कम भरावी लागते म्हणून त्यालाही उच्च न्यायालयातच जायचे आहे.

आईंच्या बाबतीत माझे मत दुसऱ्या वकिलांच्या बाजूने आहे. पहिल्या वकिलांचे म्हणणे कायद्याने अगदीच चुकीचे आहे असे मात्र मी म्हणणार नाही. रिट चालणारच नाही, असा कोणताही नियम नाही. पण रिट करून आपल्या पदरात शेवटी काय पडेल, याचा हिशेब त्यांनी आपल्यापुढे मांडलेला दिसत नाही, आणि निर्णय त्या हिशेबावरच घ्यायचा असतो.

मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच, म्हणजे मुख्य ठिकाणाबाहेर बसणारे पीठ, १८ ऑगस्ट २०२५ पासून भाऊसिंगजी रोडवर, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत सुरू झाले आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणे तिथे चालू लागली. कित्येक दशकांच्या मागणीनंतर मिळालेली ही गोष्ट आहे. मुंबईचा प्रवास, तिथला मुक्काम, तारीख लागली नाही म्हणून रिकाम्या हाताने परत येणे, हे सगळे त्यामुळे संपले. पूर्वी रिटचा खर्च ऐकूनच अनेक पक्षकार अपर जिल्हाधिकाऱ्यांच्या दालनाकडे वळत असत. तो धाक गेल्यामुळे आता महसूल खात्यातला कोणताही प्रतिकूल आदेश हातात पडला की पहिला विचार रिटचा होतो. अंतर कमी झाले हे खरे आहे. अधिकारितेची चौकट मात्र जशीच्या तशी आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ आणि २२७ खालचे अधिकार वापरताना न्यायालय मुंबईत जो प्रश्न विचारत होते, तोच इथेही विचारते: कायद्याने दिलेले अपील तुम्ही केले का, आणि केले नसेल तर का नाही?

या प्रश्नामागचे तत्त्व जुने आहे. मोहम्मद नूह प्रकरणात १९५७ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, पर्यायी उपाय आधी संपवावा हा नियम धोरणाचा, सोयीचा आणि विवेकाधिकाराचा आहे. तो अधिकारितेवरचा बांध नाही. पुढे १९९८ मध्ये व्हर्लपूल कॉर्पोरेशनच्या निकालात अपवाद एकत्र मांडले गेले: मूलभूत हक्कांचा प्रश्न असेल, नैसर्गिक न्यायाची पायमल्ली झाली असेल, आदेश अधिकार नसताना दिला असेल, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान असेल, तर पर्यायी मार्ग आड येत नाही. २०२३ मध्ये गोदरेज सारा ली प्रकरणात न्यायालयाने आणखी एक भेद स्पष्ट केला. याचिका चालू शकते का हा एक प्रश्न, आणि ती चालवून घ्यावी का हा दुसरा. आपल्या पहिल्या वकिलांचे उत्तर पहिल्या प्रश्नाला बरोबर आहे. न्यायमूर्तींसमोर मात्र दुसऱ्या प्रश्नाला तोंड द्यावे लागते.

आपल्यासारख्या प्रकरणात हमखास पुढे केला जाणारा मुद्दा म्हणजे नोटीस मिळाली नाही, म्हणून नैसर्गिक न्याय डावलला, म्हणून व्हर्लपूलचा अपवाद लागू. ऐकायला हे सरळ वाटते. पण नोटीस निघाली होती का, कोणाच्या नावाने निघाली, कोणी घेतली, पोच कुठे आहे, हे सारे वस्तुस्थितीचे प्रश्न आहेत. समोरचे मामा शपथपत्रावर सांगतील की बहिणीला सगळे ठाऊक होते, ती तेराव्याला घरी होती, मृत्युपत्र तिच्यासमोरच वाचले गेले. रिटमध्ये साक्षी-उलटतपासण्या होत नाहीत. शपथपत्राला शपथपत्र भिडले की न्यायालय सहसा दोन्ही पक्षांना मूळ दप्तर जिथे आहे तिथे पाठवते, आणि तोवर काही महिने निघून गेलेले असतात.

आता कायद्याने आपल्यापुढे कोणता रस्ता ठेवला आहे ते पाहू. मंडळ अधिकाऱ्याने फेरफार प्रमाणित केला की महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २४७ नुसार अपील उपविभागीय अधिकाऱ्याकडे जाते. बोलीभाषेत आपण ज्याला आरटीएस अपील म्हणतो ते हेच. त्या निर्णयावर दुसरे अपील जिल्हाधिकाऱ्यांकडे, म्हणजे व्यवहारात अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे चालते, आणि त्यानंतर कलम २५७ खालचे पुनरीक्षण पुण्याला विभागीय आयुक्त कार्यालयात. अपील हा पक्षकाराचा हक्क आहे, तर पुनरीक्षण हा वरिष्ठ अधिकाऱ्याचा दप्तर मागवून पाहण्याचा अधिकार आहे. म्हणून अपील टाळून आलेल्याकडे न्यायालय जितक्या कडकपणे पाहते, तितक्या कडकपणे पुनरीक्षण टाळून आलेल्याकडे पाहीलच असे नाही, जरी तिकडेही बोट दाखवले जाते. आपण अजून दुसऱ्या अपिलाच्याच टप्प्यावर आहात, त्यामुळे ही सूक्ष्मता आपल्याला सध्या उपयोगाची नाही.

मुदतीचा भाग नीट समजून घ्या, कारण तिथेच सर्वाधिक नुकसान होते. कलम २५० नुसार जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या दर्जाच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलाची मुदत ६० दिवस आहे, इतर बाबतीत ९० दिवस. प्रांतांचा आदेश असल्याने आपल्याला ६० दिवस लागू होतात. हे दिवस आदेश अपीलकर्त्याला मिळाल्यापासून मोजायचे असतात आणि नक्कल मिळवण्यात गेलेला काळ त्यातून वगळला जातो. म्हणून आदेश ज्या पाकिटातून आला ते पाकीट, त्यावरचा टपालाचा शिक्का, आणि नकलेच्या मागच्या बाजूला असलेल्या अर्ज केल्याच्या, नक्कल तयार झाल्याच्या व दिल्याच्या तारखा, हे सारे फाईलला लावून ठेवा. एकदा विलंबामुळे मार खाल्लेल्या पक्षकाराने दुसऱ्या अपिलातही विलंब केला, तर त्याच्याकडे सहानुभूतीने पाहणे कोणत्याही अधिकाऱ्याला जड जाते.

विलंबमाफी नाकारणाऱ्या आदेशावर अपील होते का, हा प्रश्न आपल्या पहिल्या वकिलांच्या मनात असावा, आणि तो योग्य आहे. कलम २५२ मध्ये कोणत्या आदेशांवर अपील नाही ते सांगितले आहे. त्यात कलम २५१ खाली विलंब माफ करून अपील दाखल करून घेणारा आदेश येतो, पुनर्विलोकनाचा (त्याच अधिकाऱ्याने आपल्या आदेशाचा फेरविचार करावा असा) अर्ज फेटाळणारा आदेश येतो, आणि स्थगिती देणारा किंवा नाकारणारा आदेशही येतो. विलंबमाफी नाकारणारा आदेश त्या यादीत नाही. म्हणजे प्रांतांनी विलंब माफ केला असता, तर मामांना अपील नव्हते. त्यांनी तो नाकारला म्हणून आपल्याला आहे. रचना थोडी उलटी वाटते, पण तिच्यामागे साधा विचार आहे. दार उघडल्याने कोणाचे कायमचे नुकसान होत नाही, दार बंद केल्याने होते.

आता त्या हिशेबाकडे येतो. समजा आपण थेट रिट केली, न्यायालयाने ती दाखल करून घेतली आणि आपला मुद्दा शंभर टक्के मान्यही केला. आदेश काय होईल? प्रांतांचा आदेश रद्द, विलंब माफ, आणि अपील गुणवत्तेवर ऐकण्यासाठी परत प्रांतांकडे. मृत्युपत्र खरे की खोटे यात उच्च न्यायालय जाणार नाही, आणि आईंचे नाव लावा असेही सांगणार नाही, कारण प्रांतांनी गुणवत्तेवर एक अक्षरही लिहिलेले नाही. हाच आदेश, जसाच्या तसा, देण्याचा अधिकार अपर जिल्हाधिकाऱ्यांना आहे. वरच्या न्यायालयाकडून जास्तीत जास्त जे मिळू शकते तेच खालच्या पायरीवर मिळत असेल, तर वरच्या पायरीवर आधी जाऊन आपण एक संधी विनाकारण खर्च करतो. अपर जिल्हाधिकाऱ्यांनी नकार दिला तरी पुढे पुनरीक्षण आणि रिट दोन्ही शिल्लक राहतात. रिट आधीच फेटाळली गेली आणि त्या आदेशात गुणवत्तेवर एखादे प्रतिकूल वाक्य आले, तर ते वाक्य पुढच्या प्रत्येक कार्यालयात आपल्याविरुद्ध वाचले जाते.

दुसऱ्या अपिलात काय लिहायचे याबद्दल थोडे विस्ताराने सांगतो, कारण मी पाहिलेल्या बहुतेक विलंबमाफीच्या अर्जांत ‘अशिक्षितपणामुळे व कायद्याच्या अज्ञानामुळे’ हे ठोकळेबाज वाक्य असते आणि त्यापलीकडे काही नसते. आपल्याकडे त्याहून चांगले कारण आहे. संहितेचे कलम १५०(२) असे सांगते की, फेरफार नोंदवहीत नोंद केल्याबरोबर तलाठ्याने तिची प्रत चावडीत ठळक जागी लावावी आणि अधिकार अभिलेखावरून किंवा फेरफार नोंदवहीवरून ज्यांचा हितसंबंध दिसतो त्यांना लेखी कळवावे. आणि तलाठ्याला ज्यांचा हितसंबंध असल्याचे मानण्यास कारण आहे अशा इतर व्यक्तींनाही कळवावे. मामांचे वकील हमखास म्हणतील की सातबाऱ्यावर बहिणीचे नावच नव्हते, मग नोटीस कोणाला द्यायची? त्याला उत्तर या तरतुदीच्या शेवटच्या भागात आहे. वडील वारले आणि मुलगा मृत्युपत्र घेऊन आला, तर त्या वडिलांना मुलगी आहे का हे विचारणे गावातल्या कोणत्याही तलाठ्याला अवघड नव्हते. (तलाठी हे पद आता ग्राम महसूल अधिकारी झाले आहे, जुन्या कागदांवर अर्थातच तलाठीच सापडेल.)

म्हणून अपिलाआधी तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षातून संबंधित फेरफाराची नक्कल काढा आणि तिच्यासोबत जोडलेले सगळे कागद मागा: वर्दी अर्ज (नोंद करावी म्हणून दिलेला अर्ज), मृत्युपत्राची प्रत, वारसांबाबत दिलेले शपथपत्र किंवा जबाब, नोटिशीची स्थळप्रत आणि पोच. गाव नमुना ६-अ, म्हणजे विवादग्रस्त प्रकरणांची नोंदवही, तीही पाहा. त्या फेरफारावर तिथे काहीच नोंद नसेल तर कोणाची हरकत येण्याची वेळच आली नाही, असे म्हणायला आधार मिळतो. मामांनी दिलेल्या वारसांच्या यादीत आईंचे नाव असेल आणि तरीही नोटीस निघाली नसेल, तर चूक कार्यालयाची. यादीतून नावच वगळलेले असेल, तर ती माहिती दडवणूक. दोन्हीपैकी काहीही निघाले, तरी विलंबाचे कारण आपोआप उभे राहते, आणि चार वर्षे हा आकडा तितकासा मोठा वाटत नाही. नोटिशीवर आईंची सही निघाली तर मात्र प्रकरण वेगळे. ती सही त्यांचीच आहे का हे त्यांना आधी शांतपणे विचारा, मग कागद पुढे न्या.

अपिलासोबत कलम २५६ खाली स्थगितीचा अर्ज द्यायला विसरू नका. मूळ आदेश देणारा अधिकारीही अपिलाची मुदत संपेपर्यंत आणि अपील दाखल झालेले नसेपर्यंत आपल्या आदेशाची अंमलबजावणी थांबवू शकतो, हे फारच थोडे पक्षकार वापरतात. आपल्या प्रकरणात नाव आधीच लागलेले असल्याने स्थगितीचा खरा उपयोग पुढचा फेरफार रोखण्यासाठी आहे, म्हणजे मामांनी जमीन विकली तर खरेदीदाराचे नाव लागू नये म्हणून.

आणि विक्रीचा विषय निघालाच आहे, तर जे मला या सगळ्यात सर्वांत महत्त्वाचे वाटते ते सांगतो. फेरफार नोंदीने मालकी मिळत नाही आणि जात नाही. नोंद ही मुख्यतः महसूल वसुलीसाठी असते. मृत्युपत्राच्या आधारे नोंद मागितली आणि त्यावर वाद झाला, तर पक्षकाराने दिवाणी न्यायालयात जाऊन हक्क ठरवून घ्यावा, असे सर्वोच्च न्यायालयाने जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या २०२१ च्या निकालात पुन्हा सांगितले आहे. मृत्युपत्र शाबित करायला किमान एक साक्षांकन साक्षीदार न्यायालयात उभा करावा लागतो, आणि हे काम प्रांत किंवा अपर जिल्हाधिकारी करू शकत नाहीत. शिवाय जमीन वडिलोपार्जित असेल, तर आजोबांना मृत्युपत्राने केवळ स्वतःचा हिस्सा देता येतो. २००५ च्या दुरुस्तीनंतर मुलगी जन्मतःच सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मिळकतीत जन्माने हिस्सेदार, आहे आणि त्यासाठी ९ सप्टेंबर २००५ रोजी वडील हयात असणे आवश्यक नाही, हे विनीता शर्मा प्रकरणात ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट झाले. २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत वाटप किंवा तत्सम व्यवहार झाला असेल, तर गोष्ट निराळी. म्हणजे मृत्युपत्र खरे ठरले तरी आईंचा हिस्सा कदाचित शिल्लकच राहील. म्हणून वाटपाचा दावा आणि त्यात जमीन हस्तांतरित करण्यास मनाईचा अर्ज हे महसुली अपिलाच्या निकालाची वाट न पाहता दाखल करावे, असे माझे मत आहे. महसुली अपील चालू आहे हे दाव्यात, आणि दावा चालू आहे हे अपिलात, स्वच्छ लिहावे. पर्यायी मार्ग संपवण्याच्या नियमाला यामुळे बाधा येत नाही, कारण हक्काचा प्रश्न महसुली अपिलात कधीच सुटणार नसतो.

मात्र प्रत्येक ठिकाणी असे दोन मार्ग एकत्र चालवता येत नाहीत, हे इतर वाचकांसाठी नमूद करतो. बांधावरून रस्ता मागण्याच्या कलम १४३ च्या प्रकरणात तहसीलदाराच्या निर्णयाविरुद्ध एक वर्षाच्या आत दिवाणी दावा करता येतो, पण तो केला की त्या निर्णयावर अपील किंवा पुनरीक्षण चालत नाही. शेतरस्त्याच्या भांडणात घाईने दावा टाकून नंतर प्रांतांकडे जाणाऱ्यांची गत तेल गेले, तूपही गेले अशी होते.

मग थेट रिट कधी करावी? माझ्या मते महसुली प्रकरणांत असे प्रसंग मोजके आहेत, पण ते खरे आहेत. कलम १५५ हे लेखनप्रमादाच्या, म्हणजे लिहिताना झालेल्या चुकांच्या, दुरुस्तीसाठी आहे. त्याखाली एखाद्या तहसीलदाराने तीस वर्षांपूर्वीचा प्रमाणित फेरफार रद्द करून नावेच बदलली असतील, तर तो अधिकाराचाच प्रश्न होतो आणि तो कागद वाचूनच ठरतो, पुरावा लागत नाही. कनिष्ठ अधिकाऱ्याने दिलेला आदेश ज्याच्याकडे अपील जाते त्या वरिष्ठाच्याच लेखी सूचनेवरून दिलेला असेल, तर ते अपील निव्वळ उपचार ठरते, आणि ती सूचना आदेशात किंवा फाईलमध्ये दाखवता आली तर न्यायालय ऐकते. स्थगितीच्या आदेशावर अपील नाही हे वर आलेच. तिथे पुनरीक्षण किंवा रिट यांतून निवड करावी लागते आणि उद्या पाडकाम किंवा विक्री होणार असेल तर रिटचे पारडे जड होते. आणखी एक छोटी, कमी खर्चाची याचिका असते, जी मला नेहमी उपयोगी वाटते: अपील दाखल आहे, पण पूर, निवडणूक, पंचनामे या कारणांनी महिनोन्‌महिने सुनावणीच होत नाही, तेव्हा ठरावीक मुदतीत निकाल द्यावा एवढीच विनंती करणारी. तिथे आपण अपील टाळून आलेले नसतो, उलट अपीलच चालवा म्हणत असतो, म्हणून न्यायालयाचा कलही अनुकूल असतो.

प्रत्येक रिट याचिकेत ‘याचिकाकर्त्याला अन्य कोणताही परिणामकारक पर्यायी उपाय उपलब्ध नाही’ असा एक परिच्छेद असतो. जुन्या मसुद्यातून तो तसाच उतरत येतो. सही करण्याआधी तो वाचा. कलम २४७ चे अपील उपलब्ध असताना हे वाक्य शपथेवर लिहिणे म्हणजे समोरच्या वकिलाच्या हातात आपण होऊन शस्त्र देणे. अपील उपलब्ध आहे पण या या कारणाने ते परिणामकारक नाही, असे प्रामाणिकपणे लिहिलेले चालते. दडवलेले चालत नाही.

रिट दाखल होऊन गेलीच असेल आणि न्यायमूर्तींचा कल अपिलाकडे दिसत असेल, तर फेटाळली जाण्याची वाट न पाहता ती मागे घेण्याची परवानगी मागावी. मागताना आदेशात कोणत्या गोष्टी नोंदवल्या जाव्यात हे वकिलांनी आधीच ठरवून ठेवावे: अपील करण्याची मुभा, सर्व मुद्दे खुले, याचिकेत गेलेला काळ विलंबाचा विचार करताना लक्षात घ्यावा, आणि अंतरिम संरक्षण मिळालेले असेल तर ते आणखी काही आठवडे चालू राहावे. चुकीच्या मंचापुढे सद्भावनेने घालवलेला काळ वगळण्याचे मुदत कायद्याच्या कलम १४ मधले तत्त्व अपिलांनाही लावता येते, हे एम. पी. स्टील प्रकरणात २०१५ मध्ये मान्य झाले आहे. पण सद्भावना आणि तत्परता दाखवावी लागते. याचिका मागे घेतल्यावर पुन्हा तीन महिने घरी बसलेल्याला त्याचा उपयोग नाही.

कलम २५१ मध्ये पुरेसे कारण दाखवल्यास विलंब कितीही माफ होऊ शकतो, म्हणून महसुली पक्षकाराला थोडी उसंत असते. वस्तू व सेवा कराच्या कायद्यात ती नाही. कलम १०७ नुसार अपिलाला तीन महिने आणि कारण दाखवल्यास आणखी एकच महिना. त्यानंतर अपील प्राधिकाऱ्याचे हात बांधलेले. इचलकरंजीतील सूत व्यापारी असो की शाहूपुरीतला दुकानदार, विवादित कराच्या दहा टक्के रक्कम भरावी लागू नये म्हणून वेळ काढतात आणि चार महिने उलटल्यावर रिटचा विचार करतात. कायद्याने ठरवलेली कमाल मुदतही संपल्यावर केवळ ती उणीव भरून काढण्यासाठी रिट चालवून घेऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये ग्लॅक्सो स्मिथक्लाइन प्रकरणात ठरवले आहे. स्वतःच्या चुकीने अपिलाची मुदत घालवलेल्याला तेच कारण सांगून रिट मागता येत नाही, हे तत्त्व तर १९६१ पासूनचे आहे.

धाकट्या भावाच्या दाखल्याचा मुद्दा याच अंगाने पाहावा. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १०१ च्या वसुली दाखल्याविरुद्ध कलम १५४ खाली पुनरीक्षण आहे, ते दोन महिन्यांत करायचे असते, आणि कलम १५४(२अ) नुसार वसूल होण्याजोग्या एकूण रकमेच्या पन्नास टक्के रक्कम भरल्याशिवाय ते विचारातच घेतले जात नाही. ही रक्कम सहनिबंधक कार्यालयात भरायची नसून संबंधित पतसंस्थेत भरायची असते आणि तिची पावती अर्जाला जोडावी लागते. ही अट जाचक आहे, विशेषतः ज्याने एक रुपयाही उचललेला नाही अशा जामीनदाराला. पण ती विधिमंडळाने घातलेली आहे, आणि ती टाळायची एवढ्याच कारणासाठी केलेली रिट न्यायालय सहसा चालवून घेत नाही. भावाला नोटीस न देताच दाखला निघाला असेल, जामीनपत्रावरची सही त्याची नसेल, किंवा दाखल्यातील व्यक्तीच चुकीची असेल, तर रिटचा विचार करता येईल. त्यातही सहीचा वाद हा पुन्हा पुराव्याचा वाद आहे, हे लक्षात ठेवा.

त्याने कर्ज पतसंस्थेचे आहे की सहकारी बँकेचे, हेही नीट पाहावे. पतसंस्थेला सरफेसी कायदा (तारण मालमत्ता ताब्यात घेऊन बँकेला थकबाकी वसूल करू देणारा कायदा) लागू नाही, सहकारी बँकेला आहे. आपल्याच जिल्ह्यातल्या मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मे २०२० मध्ये तो प्रश्न निकालात काढला. बँकेने त्या कायद्याखाली ताबा घेण्याची कारवाई केली, तर उपाय कलम १७ खाली कर्जवसुली न्यायाधिकरणापुढे, ४५ दिवसांत. आणि तो सोडून उच्च न्यायालयात येणाऱ्यांबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या सत्यवती टंडन प्रकरणापासून सातत्याने नाराजी व्यक्त केली आहे. संस्थेच्या निवडणुकीच्या मतदार यादीबद्दलची रिट तर आणखी अवघड. २००१ मध्ये एका दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणातच यादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचा भाग ठरला आणि प्रक्रिया सुरू असताना हस्तक्षेप नको असे सांगितले गेले.

पुनरीक्षण दाखल झाले म्हणून वसुली आपोआप थांबत नाही. महाराष्ट्र सहकारी संस्था नियमांतील नियम १०७ खालची जप्ती आणि लिलाव चालूच राहतात, म्हणून अर्जासोबत त्याच दिवशी स्वतंत्र स्थगिती अर्ज द्यावा आणि तो लगेच ऐकावा अशी लेखी विनंती करून तिची पोच घ्यावी. ती पोच पुढे उपयोगी पडते: पन्नास टक्के भरूनही स्थगितीचा अर्ज ऐकला जात नाही आणि लिलावाची तारीख जाहीर झाली, तर भावाने भाऊसिंगजी रोडवर जायला माझी हरकत नाही.